वाऱ्याच्या फटीतला सान्रा

समुद्रापलीकडे, पूर्वेला खूप लांब, ओकिनावा नावाचं बेट आहे. त्या बेटाला अजून स्वतःचा राजा होता आणि गरिबाच्या घरात कोयत्याशिवाय दुसरं पातं नव्हतं, तेव्हाची ही गोष्ट. बेटाच्या एका टोकाला आदानबारू नावाचं गाव होतं. आदान म्हणजे आपला केवडा. किनाऱ्याला केवड्याचं रान माजलेलं, त्याच्या आत पन्नास-साठ घरं, आणि वादळ अडवायला प्रत्येक घराभोवती प्रवाळाच्या दगडांची छातीएवढी भिंत. त्यातल्या निम्म्या भिंती एकाच माणसाने रचल्या होत्या. त्याचं नाव सान्रा.

सान्रा दिवसा भिंती रचायचा आणि पहाटे ‘हात’ शिकवायचा. आज ज्याला सगळं जग कराटे म्हणतं, त्याला तेव्हा तिकडे वेगळं नाव नव्हतं. लोक नुसतं हात म्हणत. अमक्याला हात येतो, तमका हात शिकतो, एवढंच. सान्राला तो त्याच्या मामाकडून आला. मामाला कोणाकडून आला, हे मामाने मरेपर्यंत सांगितलं नाही.

सान्राचं शिकवणं फार संथ होतं. लोक मोठ्या हौसेने यायचे आणि चार महिन्यांत कंटाळून जायचे, कारण पहिलं वर्षभर तो नुसतं उभं राहायला शिकवायचा. पाय खांद्याएवढे फाकवायचे, पंजे किंचित आत वळवायचे, गुडघे जरासे दुमडायचे आणि पायाच्या बोटांनी जमीन धरायची. धरायची म्हणजे घारीने मासा धरावा तशी. कोपरं बरगड्यांशी आणि नजर समोर. ते जमलं की तीन पावलं पुढे जायचं आणि तीन पावलं मागे यायचं. या चालीला तिकडे ‘तीन लढाया’ म्हणतात. एक श्वासाशी, एक शरीराशी आणि एक मनाशी. सान्रा म्हणायचा की पहिल्या दोन लढाया माणूस जिंकू शकतो, तिसरी फक्त लढत राहायची असते.

त्या चालीतला श्वास ऐकण्यासारखा होता. नाकातून घ्यायचा, बेंबीच्या खाली साठवायचा आणि तोंडाने सावकाश सोडायचा. भरतीचं पाणी कपारीत शिरतं आणि घरघरत परत येतं, तसा आवाज व्हायचा. पहाटे समुद्र शांत असला, तरी आदानबारूच्या बायका म्हणायच्या, भरती आली वाटतं. ती भरती सान्राच्या अंगणात असायची.

दुसऱ्या वर्षी मडकी यायची. अरुंद गळ्याची, बाहेर वळलेल्या काठाची दोन मडकी. ती पाचही बोटांच्या टोकांनी काठाला धरून उचलायची आणि अंगणभर चालायचं. दर अमावास्येला मडक्यात एक मूठ वाळू पडायची. मग अंगणात रोवलेला खांब. त्याला भाताच्या काडाचा दोर गुंडाळलेला असायचा, आणि त्यावर न जेवता शंभर ठोसे उजव्या हाताने आणि शंभर डाव्या हाताने मारायचे. दोर लाल व्हायचा, मग काळा व्हायचा, मग बदलायचा. हे सगळं केल्यावर सान्रा एकच नियम सांगायचा. ज्याचा हात आधी उगारला जाईल, त्याने पुन्हा माझ्या अंगणात पाऊल ठेवायचं नाही.

त्याच्या स्वतःच्या अंगात किती ताकद होती हे कोणाला कळलं नाही, कारण तो कधी कोणाशी लढला नाही. पण एकदा त्याच्या सातही शिष्यांनी त्याच्या कमरेला होडीचा दोर बांधून ओढला. दोर तुटला, सान्रा जागचा हलला नाही, असं म्हणतात.

सान्राची बायको लवकर गेली. त्याला एकच मुलगी होती, तिचं नाव चिरू. तिला त्याने आईविना वाढवलं आणि एकोणिसाव्या वर्षी ती डोंगरापलीकडच्या शिराबाना गावात दिली. नवरा निळीने कापड रंगवणारा होता. त्याचे हात कोपरापर्यंत निळे असायचे, आणि सान्राला तो फारसा आवडला नव्हता, पण मुलीला आवडला होता, म्हणून तो काही बोलला नाही.

शिराबाना फार लांब नव्हतं, पण वाट एकच होती. दोन्ही गावांच्या मध्ये चुनखडीचा डोंगर, खाली समुद्रात धारदार प्रवाळ. डोंगराच्या माथ्यावर दोन खडकांच्या मध्ये एक फट होती, तिला वाऱ्याची फट म्हणत. दोन माणसं शेजारी शेजारी गेली तर खांदे घासतील एवढीच ती रुंद होती. आदानबारूचं मीठ आणि सुके मासे त्या फटीतून पलीकडे जात, पलीकडची रताळी आणि निळं कापड अलीकडे येई. मुली जात, सुना येत. आदानबारूत असं घर नव्हतं, ज्याचं कोणी शिराबानात नव्हतं. चिरू दर महिन्याला यायची, बापाला रताळी आणायची आणि त्याच्या भिंतीवर बसून तासभर गप्पा मारून परत जायची. पुढे तिच्या पाठीवर बांधलेली एक मुलगीही यायला लागली. तिचं नाव नाबी.

मग एका पावसाळ्याच्या शेवटी एक फुटलेलं जहाज शिराबानाच्या किनाऱ्याला लागलं. त्यातल्या खलाशांना गावाने उचलून घरात घेतलं, पेज पाजली. खलाशी मेले, आणि त्यांच्या अंगावर काय आहे ते तेव्हा लोकांच्या लक्षात आलं.

आपल्याकडे जुनी माणसं त्या रोगाला देवी म्हणत. रागाने नाव घेतलं तर ती आणखी कोपेल, म्हणून. तिकडेही तसंच होतं. तिकडे त्या फोडांना लोक ‘सुंदर फोड’ म्हणत आणि म्हणताना दारं लावून घेत. आदानबारूला ते ठाऊक होते. वीस वर्षांपूर्वी ते एकदा येऊन गेले होते. तेव्हाही गावाने फटीवर राखणदार बसवला होता. त्या राखणदाराने आपल्या सख्ख्या भावाला आत घेतलं, एकालाच. महिन्याभरात गावात एकशे दहा माणसं गेली. सान्राची बायको त्यांतलीच एक.

शिराबानाची बातमी आली त्या दिवशी सगळं गाव देवराईत जमलं. तिकडे देवाचं सगळं बायकांच्या हातात असतं. आदानबारूची पुजारीण मोशी नावाची म्हातारी होती, आणि गाव तिच्या शब्दाबाहेर नव्हतं. मोशीने सान्राला पुढे बोलावलं आणि फटीत उभं राहायला सांगितलं. सान्रा म्हणाला की मी फट दगडांनी बुजवून देतो, दोन दिवसांत अशी भिंत घालतो की पाखरूसुद्धा येणार नाही.

“भिंतीवरून माणूस चढतो,” मोशी म्हणाली. “आणि भिंत बोलत नाही. तिकडे आपलीच माणसं आहेत. त्यांना नाही म्हणायचं, तर कोणीतरी समोर उभं राहून तोंडाने म्हणायला हवं.”

“माझी मुलगी तिकडे आहे,” सान्रा म्हणाला.

“म्हणूनच तुला सांगते. तू उभा राहिलास, तर दुसरा कोणी आपल्या माणसासाठी वाट मागणार नाही.”

सान्राने मोशीला वाकून नमस्कार केला. घरी जाऊन त्याने दोरखंड गुंडाळलेला खांब उपटला आणि आडवा ठेवला, मडकी पालथी घातली, आणि संध्याकाळच्या आत तो फटीत जाऊन उभा राहिला. पाय खांद्याएवढे, पंजे आत, कोपरं बरगड्यांशी. त्याच्या दोन्ही बाजूंना वीतभर जागा उरली होती.

जाण्याआधी त्याने गावाकडून एक कबूल करून घेतलं. शिराबानाला वाट मिळणार नाही, पण बाकी सगळं मिळेल. तेव्हापासून रोज सकाळी आदानबारूची माणसं फटीच्या पन्नास पावलं अलीकडे टोपल्या ठेवून परत जात. सान्रा त्या टोपल्या उचलून पलीकडच्या उतारावर एका सपाट दगडावर ठेवी आणि मागे येऊन उभा राही. मग पलीकडची माणसं येऊन नेत. मासे, मीठ, औषधाची पाळंमुळं. रिकामी टोपली मात्र कधी परत आली नाही, ती तिकडेच जाळायची असं ठरलं होतं.

पहिले काही दिवस पलीकडून लोक नुसते बोलायला आले. त्यांनी विनवलं, नाती सांगितली, सान्राने ज्यांच्या भिंती रचल्या होत्या त्यांची नावं घेतली. सान्राने प्रत्येकाला तेच उत्तर दिलं, की वाट बंद आहे, हवं ते सांग, उद्याच्या टोपलीत येईल. मग लोक चिडायला लागले. एकदा पाच तरणेबांड गडी होडीच्या डोलकाठीएवढं लाकूड घेऊन धावत आले. लाकूड सान्राच्या पोटावर आदळलं. आवाज खडकावर आदळल्यासारखा आला, लाकूड उभं चिरलं, आणि ते पाचजण उतारावर जाऊन पडले. सान्राचे हात तेव्हाही बरगड्यांशीच होते. त्याने एकालाही मारलं नाही. उलट विचारलं की कोणाला लागलं का. असं म्हणतात की त्या पाचांतला एक तिथेच बसून रडला, कारण त्याच्या पाठीमागे घरी आई फोडांनी भरली होती आणि त्याला नुसतं आदानबारूच्या विहिरीचं पाणी हवं होतं. दुसऱ्या दिवसापासून टोपलीबरोबर त्या विहिरीचं पाणी येऊ लागलं. त्याची आई वाचली नाही.

वादळ आलं तेव्हा शिष्य खालून ओरडून सांगत राहिले, की आता खाली या, अशा हवेत कोण येणार आहे. सान्रा आला नाही. झोपेचं काय केलं, कोणास ठाऊक. उभ्या उभ्या झोपायचा म्हणतात, पण श्वासाचा आवाज थांबायचा नाही. वाऱ्याची फट डोंगरावर होती आणि गाव खाली, तरी तो आवाज गावात ऐकू यायचा. भरती आल्यासारखा. लोक त्या आवाजाच्या भरवशावर झोपत, आणि ज्यांची पोटची पोर पलीकडे होती ते त्याच आवाजाने जागे राहत.

सतराव्या दिवशी दुपारी चिरू आली.

तिचा नवरा तीन दिवसांपूर्वी गेला होता. सासू त्याच्या आधी गेली होती. चिरूच्या पाठीवर नाबी होती, आता दोन वर्षांची. चिरू उतार चढून सपाट दगडापाशी थांबली, दहा पावलांवर. तिने नाबीला पाठीवरून सोडलं, तिचे कपडे काढले आणि तिला उन्हात गोल फिरवून दाखवलं. अंगावर एक डागसुद्धा नव्हता.

“सू,” ती म्हणाली. तिकडे बापाला सू म्हणतात. “मला नका घेऊ. मी इथेच बसते. हिला एकटीला घ्या.”

सान्राने नातीकडे पाहिलं. ती त्याला ओळखून हसत होती. त्याला वीस वर्षांपूर्वीचा तो भाऊ आठवला. त्याच्याही अंगावर फटीत शिरताना काही नव्हतं.

“आत शिरलेलं बारा दिवस दिसत नाही गं,” तो म्हणाला. “बारा दिवस थांब. बारा दिवसांनी हिचं अंग असंच राहिलं, तर मी स्वतः हिला खांद्यावर घेऊन खाली जाईन.”

“आणि तोवर आम्ही कुठे जायचं? ज्या घरात चटई उचलली की खाली तेच आहे, तिथे?”

चिरू दहा पावलं चालून त्याच्यापुढे आली. आजवर इतक्या जवळ कोणी आलं नव्हतं. तिने बापाच्या छातीवर उघड्या पंजाने मारलं. मग दुसऱ्या हाताने. मग ती मारतच राहिली, खांद्यांवर, छातीवर, दंडांवर, आणि प्रत्येक वेळी ती एक नाव घेत होती. नवऱ्याचं, सासूचं, शेजारणीचं, शेजारणीच्या जुळ्यांचं. शिराबानात त्या सतरा दिवसांत जेवढे गेले तेवढी सगळी नावं. तिचे पंजे फुटले, त्याच्या अंगावर तिच्या रक्ताचे ठसे उमटले. सान्रा हलला नाही. पण लाकडाचा धक्का त्याने पोटात घेतला होता, हा कुठे घ्यायचा ते त्याच्या मामाने शिकवलेलं नव्हतं.

नावं संपल्यावर ती मागे गेली. सपाट दगडाच्या बाजूला केवड्याचं एक झुडूप होतं, त्याच्या पानांचं छप्पर करून मायलेकी तिथेच राहिल्या. बारा दिवस मोजायचे म्हणून चिरू रोज एक खडा ठेवू लागली.

ते दिवस सान्राच्या आयुष्यातले सगळ्यात लांब दिवस. तो टोपलीतलं आपल्या वाट्याचंही दगडावर ठेवी. चिरू सुरुवातीला त्याच्याकडे बघत नसे. मग तिसऱ्या-चौथ्या दिवशी ती बोलायला लागली, साध्या गोष्टी. तुमची भिंत दक्षिणेकडून खचली होती, ती नीट केलीत का. शेजारची बकरी व्याली का. तो तिथूनच उत्तरं द्यायचा. नाबी दिवसभर उतारावर खेळायची, आणि आजोबांचे पाय बघून तशीच उभी राहायची, पंजे आत वळवून, पोट पुढे काढून. ते बघून चिरू एकदा हसली. सान्राने ते हसू पाहिलं, आणि पुढे कित्येक दिवस तेवढंच जवळ बाळगलं.

नवव्या दिवशी सकाळी चिरूने झुडपातून हाक मारली.

“सू, हिला फोड उठले.”

एवढंच ती म्हणाली. बरोबर-चूक काही बोलली नाही. त्या सकाळी आदानबारूत भरतीचा आवाज मध्येच तुटला. तीन श्वासांएवढा वेळ काहीच ऐकू आलं नाही, आणि गावातली माणसं घराबाहेर येऊन डोंगराकडे बघत उभी राहिली. मग आवाज पुन्हा सुरू झाला.

नाबीला फोड आले, भरले, सुकले. चिरूने तिला पंख्याने वारा घातला, खाजवू नये म्हणून तिचे हात निळ्या कापडात बांधून ठेवले, आणि ती पोर जगली. पण खपल्या धरू लागल्या त्या दिवसांत चिरूला ताप चढला. तिच्याजवळ कोणी नव्हतं. दहा पावलांवर बाप होता.

त्या दिवसांत उतारावर खाली माणसं बसलेली असायची. शिराबानातली उरलीसुरली, आपापली पोरं घेऊन. ती वाट बघत होती. सान्रा एक ना एक दिवस मुलीसाठी फट सोडेल, हे त्यांना दिसत होतं, आणि त्यांच्या जागी आपण असतो, तर आपणही तसेच वाट बघत बसलो असतो. सान्रालाही ती माणसं दिसत होती.

शेवटच्या दिवशी चिरूला झुडपाबाहेर येता येईना. आतूनच तिचा आवाज आला.

“सू, इकडे या ना. एकदाच.”

“येतो गं,” सान्रा म्हणाला. “वाट मोकळी झाली की येतो.”

त्या दिवशी टोपली उशिरा, दुपार कलल्यावर आली, सान्राने ती दगडावर नेऊन ठेवली. झुडूप तिथून हाताच्या अंतरावर होतं. तो किती वेळ तिथे थांबला, याबद्दल दोन्ही गावांत वेगवेगळं सांगतात. शिराबानात म्हणतात, थांबलाच नाही. आदानबारूत म्हणतात, एक श्वासभर थांबला, आणि तेवढ्यात खाली बसलेल्यांतला एकजण उठून उभा राहिला, म्हणून तो मागे फिरला.

चिरू गेल्यावर नाबी झुडपातून बाहेर आली. तोंडभर खपल्यांचे वण घेऊन ती दहा पावलं चालली आणि सान्राच्या पायांशी येऊन बसली. त्याला माहीत होतं की तिच्या अंगावर अजून रोग आहे. त्याला हेही माहीत होतं, की ही फटीच्या आत गेलेली नाही, आणि आता आपणही आत जायचं नाही. त्याने पहिल्यांदा कोपरं बरगड्यांपासून सोडली, वाकून तिला उचललं आणि तिचं तोंड आपल्या मानेशी धरलं. मग तिला दोन पायांच्या मध्ये बसवून तो पुन्हा होता तसा उभा राहिला. खाली शिष्यांना त्याने ओरडून सांगितलं, की आजपासून टोपली लांब बांबूच्या टोकाने ढकला, माझ्या जवळ कोणी यायचं नाही. शिष्यांना अर्थ कळला. सातही जण तिथेच गुडघ्यांवर बसले.

सान्राला बारा दिवसांनी फोड आले. तो त्यातही उभा राहिला. अंगाची आग होत असताना श्वास कसा घ्यायचा, हे त्याने शिष्यांना आयुष्यभर शिकवलं होतं, आता त्यांनी ते पन्नास पावलांवरून पाहिलं. रोज आवाज थोडा खोल जात होता, थोडा लांबत होता. आणि एका सकाळी आदानबारूत कोणालाच भरती ऐकू आली नाही.

गाव वर आलं. सान्रा उभा होता. पाय खांद्याएवढे, पंजे आत. डोळे उघडे होते आणि त्यांवर माश्या बसत होत्या. त्याच्या पायांना टेकून नाबी शेंगा सोलून खात होती. तिला काही वेगळं वाटलं नव्हतं, आजोबा नेहमी असेच असत. पलीकडच्या माणसांना तर काहीच कळलं नाही. त्यांना सान्रा फटीत उभा दिसत होता, म्हणून ती खालीच राहिली. गावानेही त्याला तसंच उभं राहू दिलं आणि नाबीची, पलीकडच्यांची टोपली लांब बांबूने फटीपार ढकलत राहिलं. असं म्हणतात की मेलेल्या सान्राने एकवीस दिवस वाट अडवली. एकवीस दिवस त्याला ऊन लागलं, पाऊस लागला, पण तो वाकला नाही आणि कुजला नाही, आणि तेवढ्या दिवसांत शिराबानातला शेवटचा फोड सुकला.

रोग गेल्याचं कळल्यावर सातही शिष्य त्याला उचलायला गेले. त्यांनी त्याला धरलं, हलवलं, दोर लावले. पायाची बोटं खडकात रुतली होती, असं म्हणतात. सातांच्या हाताने तो उचलला गेला नाही.

मोशी बाजूला उभी राहून बघत होती. ती म्हणाली, “आपल्याकडून हे व्हायचं नाही. पलीकडच्यांना बोलवा.”

शिराबानातून बायका आल्या. पुरुष फारसे उरलेच नव्हते. त्या उतार चढून आल्या आणि सान्रासमोर एका रांगेत उभ्या राहिल्या. कोणी काही ठरवलं नव्हतं. पहिल्या बाईने आपल्या मुलाचं नाव घेतलं आणि सान्राच्या छातीवर उघड्या पंजाने मारलं. दुसरीने नवऱ्याचं नाव घेतलं. चाळीस-पन्नास बायका होत्या, आणि प्रत्येकीकडे एकाहून जास्त नावं होती. काहींनी जिवाच्या आकांताने मारलं. काहींनी आधी हात मागे घेतला, पण मग त्यांनीही मारलं. सान्रा उभाच होता. आदानबारूची माणसं अलीकडे माना खाली घालून ऐकत होती, कारण त्या नावांत त्यांच्याही मुली होत्या.

रांग संपली तेव्हा शेवटी नाबी उरली. तिला कोणीतरी उचलून घेतलं. दोन वर्षांच्या पोरीला मारायचं काय कळणार. तिने आजोबांच्या छातीवर हात ठेवला, कान लावला, आणि ऐकत राहिली. मग मागे वळून सगळ्यांना सांगितलं, की आत काहीच नाही. आणि त्याच्याकडे वळून म्हणाली, “चल घरी.”

तेव्हा सान्राचे गुडघे दुमडले.

त्याला आदानबारूत पुरलं नाही. तो येतो म्हणाला होता, म्हणून त्याला फटीतून पलीकडे नेलं आणि सपाट दगडाच्या खाली, चिरूच्या शेजारी ठेवलं. नाबीला कोणी वाढवावं यावर दोन गावांत तंटा झाला आणि शेवटी तिला दोन्ही गावांनी वाढवलं. ती अर्धं वर्ष इकडे राही आणि अर्धं तिकडे. ती म्हातारी होऊन गेली. वणांनी भरलेलं तिचं तोंड दोन्ही गावांच्या लग्नात सगळ्यांत आधी ओवाळलं जाई.

या सगळ्याला किती काळ लोटला, ते सांगता येणार नाही. बेटावर आता डांबरी रस्ते आहेत आणि शिराबानाला मोटारीने वळसा घालून जाता येतं. हात शिकवणारी अंगणं बेटावर पुष्कळ आहेत. तीन लढायांची चाल शिकताना सगळीकडे गुरू शिष्याच्या खांद्यांवर, पाठीवर, मांड्यांवर चापट्या मारून त्याचा पवित्रा पारखतो. आदानबारूत मात्र गुरू शिष्याला हात लावत नाही. तिथे वादळांचे महिने सरले की एक दिवस ठरतो. त्या दिवशी आदानबारूची शिकणारी माणसं एकेक करून वाऱ्याच्या फटीत उभी राहतात आणि शिराबानाच्या बायका उतार चढून येतात. त्या नावं घेतात आणि मारतात. जुनी नावं आता कोणाला आठवत नाहीत, म्हणून प्रत्येक बाई आपल्या घरातल्या शेवटी गेलेल्या माणसाचं नाव घेते. ज्याचं पाऊल हलतं, त्याला कोणी हसत नाही. त्याने वर्षभर शिराबानात जाऊन म्हाताऱ्याकोताऱ्यांचं पाणी भरायचं आणि पुढच्या वर्षी पुन्हा उभं राहायचं.

सान्राने केलं ते योग्य होतं का, यावर त्या दिवशी दोन्ही गावं जेवायला एकत्र बसली की वाद निघतो. तो मिटवायचा नाही, असाच तिथला रिवाज आहे. जो मिटवायला जातो, त्याला म्हातारे गप्प बसवतात.

आणि रांगेतली शेवटची बाई मारत नाही. ती समोरच्या माणसाच्या छातीवर तळहात ठेवते आणि श्वास चालू आहे ना, ते बघते. कधी कधी बराच वेळ बघते. खात्री पटली, की मग ती त्याला घरी जायला सांगते.

ती सांगेपर्यंत तो हलत नाही.